फ्रेड हायलंडची दोन षटकांची कारकीर्द : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इंग्लिश काउंटी क्रिकेटमधल्या अडगळीत पडलेल्या खेळाडूंपैकी सर्वांत जास्त विचारणा ज्याच्याबद्दल होते, तो फ्रेड हायलंड. कुठल्या तरी प्रश्नमंजूषेत त्याचं नाव येतं, कोणी मोबाइलवर धावफलकाचा फोटो पाठवतं, आणि मग ‘हे खरं आहे का?’ पासून सुरुवात होते. तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, म्हणून उत्तरं एका जागी लिहून ठेवली आहेत. आधी सोपे प्रश्न आहेत, किचकट पुढे आहेत. एका उत्तरात आलेलं दुसरीकडे पुन्हा लिहिलेलं नाही, फक्त प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. फ्रेड हायलंड म्हणजे नेमका कोण?

फ्रेडरिक जेम्स हायलंड. जन्म १६ डिसेंबर १८९३, इंग्लंडच्या ससेक्स काउंटीतल्या (काउंटी म्हणजे साधारण आपला जिल्हा) बॅटल गावी. १०६६ ची हेस्टिंग्जची प्रसिद्ध लढाई झाली तेच हे गाव. १९२४ च्या मोसमात तो व्यावसायिक खेळाडू म्हणून हॅम्पशायरकडून नॉर्थम्प्टनशायरविरुद्ध काउंटी चॅम्पियनशिपचा एक सामना खेळला. त्याआधी एकही प्रथम श्रेणी, म्हणजे वरच्या दर्जाचा (प्रश्न ४ पाहा), सामना नाही, त्यानंतरही नाही. पुढे चेशायरमध्ये त्याने रोपवाटिकेचा व्यवसाय केला आणि त्यात चांगलं नाव कमावलं. फेब्रुवारी १९६४ मध्ये, वयाच्या सत्तराव्या वर्षी तो वारला.

२. त्या सामन्यात झालं तरी काय?

सामना नॉर्थम्प्टनच्या काउंटी ग्राउंडवर होता. नॉर्थम्प्टनशायर फलंदाजीला आलं, हॅम्पशायरचे अकरा जण मैदानात उतरले आणि त्यांत हायलंड होता. दोन षटकं टाकून झाली. धावफलकावर बिनबाद एक लागला. पावसाने खेळ थांबला तो थांबलाच. तीन दिवसांच्या सामन्यात एकूण खेळ एवढाच.

इंग्लंडमध्ये तेव्हा षटक सहा चेंडूंचंच होतं, म्हणजे साधारण बारा चेंडू. पाच-सात मिनिटांत उरकणारा प्रकार.

३. बॅटिंग नाही, बोलिंग नाही, कॅच नाही. मग तो ‘खेळला’ असं कसं म्हणायचं?

हा प्रश्न विचारणाऱ्याच्या आवाजात बहुतेक वेळा थट्टा असते, म्हणून जरा सविस्तर सांगतो. क्रिकेटच्या नोंदवहीत ‘सामने’ हा रकाना तुम्ही काय केलंत याचा नसतोच. तो तुमची निवड झाली आणि तुम्ही संघाचे सदस्य म्हणून सामन्यात उतरलात याचा असतो. धावा, बळी, झेल यांचे रकाने वेगळे आहेत. अकरा जणांत नाव लागणं हाच काउंटी क्रिकेटमधला अवघड भाग होता. संघात जागा अकरा, आणि मोसमभर नेट्समध्ये घाम गाळणारे, क्लबच्या दुसऱ्या संघात वाट पाहणारे कितीतरी. त्यांतल्या बहुतेकांच्या नावापुढे हा ‘१’ कधीच लागला नाही. हायलंडच्या लागला. पुढचं पावसाने नासवलं, त्यात त्याचा काय दोष?

दोन षटकं क्षेत्ररक्षण करणं हेही खेळणंच आहे. चेंडू त्याच्याकडे गेला की नाही हे धावफलकात लिहीत नाहीत.

४. पण दोन षटकांचा सामना ‘प्रथम श्रेणी’चा कसा धरतात?

सामन्याचा दर्जा आधीच ठरलेला असतो. किती खेळ झाला यावर तो अवलंबून नसतो. काउंटी चॅम्पियनशिपमधला, दोन प्रथम श्रेणी काउंट्यांमधला, तीन दिवसांचा सामना म्हणजे प्रथम श्रेणी. एकदा खेळ सुरू झाला, अगदी एक चेंडू पडला, तरी तो सामना नोंदीत येतो आणि दोन्ही संघांतल्या सगळ्यांच्या खात्यात एकेक सामना जमा होतो.

याची ताजी आणि मोठी उदाहरणं कसोटीतच आहेत. फेब्रुवारी २००९ मध्ये अँटिग्वाच्या सर व्हिव्हियन रिचर्ड्स स्टेडियमवर वेस्ट इंडीज-इंग्लंड कसोटी १.४ षटकांत, म्हणजे दहा चेंडूंनंतर सोडून द्यावी लागली. बाहेरचं मैदान भुसभुशीत वाळूचं होतं, गोलंदाजांचे पाय रुतत होते. इंग्लंड बिनबाद ७. ती कसोटी म्हणून मोजली जाते. हायलंडच्या सामन्यापेक्षाही दोन चेंडू कमी!

उलट बाजूचं उदाहरण १९७०-७१ च्या ॲशेस मालिकेतल्या मेलबर्न कसोटीचं. पावसामुळे एकही चेंडू पडला नाही, म्हणून ती कसोटींच्या यादीत नाही. तिच्या बदल्यात प्रेक्षकांसाठी ५ जानेवारी १९७१ ला मर्यादित षटकांचा सामना ठेवला, आणि तोच पुढे इतिहासातला पहिला एकदिवसीय आंतरराष्ट्रीय सामना ठरला.

५. या सामन्याचे गुण कोणाला मिळाले?

कोणालाच नाही. त्या काळी चॅम्पियनशिपचा क्रम मिळवलेल्या गुणांच्या टक्केवारीवर लागायचा आणि पहिल्या डावाचाही निकाल लागला नाही असा सामना हिशेबातच धरत नसत. गंमत बघा: संघांच्या तक्त्यासाठी जो सामना नसल्यात जमा होता, त्याच सामन्यावर हायलंडची आख्खी कारकीर्द उभी आहे. त्या वर्षीचं विजेतेपद यॉर्कशायरने नेलं. १९२२ ते १९२५ अशी सलग चार वर्षं त्यांचीच होती.

६. तीन दिवसांत दोनच षटकं? मैदान झाकायची सोय नव्हती का?

आजच्यासारखी नव्हती. सामना सुरू झाला की खेळपट्टी आकाशाखाली उघडी, असाच तेव्हाचा रिवाज. पाऊस हा खेळाचाच भाग मानत. काउंटी क्रिकेटमध्ये खेळपट्टी पूर्ण झाकायची पद्धत रुळायला १९८० चं दशक उजाडावं लागलं. पाणी शोषून घेणारी यंत्रं नव्हती; गोलंदाजाच्या पावलाखाली लाकडाचा भुसा टाकायचा आणि उन्हाची वाट पाहायची, एवढंच हातात.

पाऊस पडून वर ऊन आलं की अशी उघडी खेळपट्टी फलंदाजांचा जीव काढायची. चेंडू कधी अंगावर उसळायचा, कधी खाली राहायचा. त्या काळच्या फिरकी आणि मध्यमगती गोलंदाजांचे डोळे दिपवणारे आकडे पाहताना हे लक्षात ठेवावं. नॉर्थम्प्टनला मात्र तेवढंही झालं नाही. ऊनच आलं नसेल तर खेळपट्टी कितीही फिरकी घेणारी असून काय उपयोग?

१९२४ चा उन्हाळा एकूणच ओला होता. त्याचा आणखी एक बळी प्रश्न १४ मध्ये भेटेल.

७. नॉर्थम्प्टनचं मैदान कसं होतं?

विचित्र. काउंटी ग्राउंड एकाच वेळी क्रिकेटचंही होतं आणि नॉर्थम्प्टन टाउन या फुटबॉल क्लबचंही. १८९७ पासून थेट १९९४ पर्यंत दोघांचा एकत्र संसार चालला. फुटबॉलच्या बाजूला तीनच अंगांना प्रेक्षागारं, चौथं अंग सताड उघडं, कारण पलीकडे क्रिकेटचं मैदान. टीव्हीवर जुने फुटबॉल सामने पाहिलेत तर एका बाजूला नुसतं मोकळं हिरवं रान दिसतं, ते हेच. फुटबॉल क्लब दुसरीकडे गेला, क्रिकेट अजून तिथेच आहे.

८. जन्म ससेक्सचा, मग हॅम्पशायरकडून कसा खेळला?

१८७३ पासून नियम असा होता, की खेळाडूने ज्या काउंटीत तो जन्मला तिच्याकडून खेळावं किंवा जिथे दोन वर्षं सलग राहिला तिच्याकडून. एका मोसमात दोन काउंट्यांकडून खेळायला बंदी. शेजारच्या काउंटीत जन्मलेल्याला वास्तव्याच्या अटीवरच प्रवेश मिळायचा. ससेक्स आणि हॅम्पशायर दक्षिण किनाऱ्यावरचे सख्खे शेजारी, त्यामुळे अशी ये-जा चालायची.

हा नियम कागदावरचा नव्हता. वॉली हॅमंडचा जन्म डोव्हरचा, म्हणजे केंटचा, आणि खेळायचं होतं ग्लॉस्टरशायरकडून. केंटने हरकत घेतली आणि पुढे जगातल्या थोर फलंदाजांत गणला गेलेला हा पोरगा १९२२ च्या मोसमात बाहेर बसला. आज आयपीएलच्या लिलावात खेळाडू दरवर्षी गाव बदलतो, त्या पार्श्वभूमीवर हे पचायला जड जातं.

९. ‘व्यावसायिक’ खेळाडू होता म्हणजे पैसे घेऊन खेळायचा? मग बाकीचे?

बाकीचे हौशी, म्हणजे निदान कागदोपत्री तरी मानधन न घेणारे. इंग्लिश क्रिकेटमधली ही फूट नुसती पैशाची नव्हती, वर्गाची होती. हौशी मंडळींना ‘जंटलमन’ म्हणत, व्यावसायिकांना ‘प्लेअर’. कपडे बदलायच्या खोल्या वेगळ्या. कित्येक मैदानांवर आत यायचं फाटकही वेगळं. कर्णधार हौशीच असायचा, मग त्याला खेळ जेमतेम येवो.

छापील धावफलकावरही भेद पाळला जायचा. हौशी खेळाडूची आद्याक्षरं आडनावाच्या आधी, व्यावसायिकाची आडनावानंतर किंवा नाहीतच. इंग्लंडचा फिरकीपटू फ्रेड टिटमसचा एक किस्सा नेहमी सांगतात: लॉर्ड्सवर ध्वनिक्षेपकावरून गंभीर आवाजात दुरुस्ती जाहीर झाली, की धावफलकावर ‘एफ. जे. टिटमस’ छापलं आहे, ते ‘टिटमस, एफ. जे.’ असं वाचावं. हायलंडही एफ. जे.च. म्हणजे त्याचंही नाव ‘हायलंड, एफ. जे.’ असंच वाचायचं. हौशी-व्यावसायिक भेद १९६२ च्या अखेरीस रद्द झाला. आपल्याकडे जातीच्या पंगतींवर नाकं मुरडणाऱ्या साहेबाच्या घरात हे चालू होतं, हे मला तरी विसरता येत नाही.

१०. त्याला पुन्हा संधी का मिळाली नाही?

निवड समितीच्या मनातलं धावफलकात उतरत नाही. पण त्या काळचा हॅम्पशायर संघ पाहिला की जागा किती आवळून होत्या ते कळतं.

फलंदाजीत फिल मीड होता. त्याने हॅम्पशायरकडून ४८,८९२ धावा काढल्या. एकाच संघासाठी प्रथम श्रेणीत एवढ्या धावा आजवर दुसऱ्या कोणी काढलेल्या नाहीत. गोलंदाजीत ॲलेक केनेडी आणि जॅक न्यूमन ही जोडी, दोघांचेही कारकिर्दीत दोन हजारांहून अधिक बळी. दोघं एका टोकाला एक असे दिवसच्या दिवस टाकत राहायचे, तिसऱ्याच्या हाती चेंडू येणं मुश्कील. जॉर्ज ब्राउन फलंदाजी करायचा, गोलंदाजी करायचा आणि वेळ पडली तर यष्टीमागेही उभा राहायचा. नेहमीचा यष्टिरक्षक वॉल्टर लिव्हसी. तो कर्णधार लायोनेल टेनिसनचा खासगी नोकरही होता! मालक कर्णधार, नोकर यष्टिरक्षक. आणि हा टेनिसन म्हणजे कवी टेनिसनचा नातू.

हाच संघ १९२२ मध्ये एजबॅस्टनला वॉरिकशायरविरुद्ध पहिल्या डावात १५ धावांत गारद झाला होता. होय, पंधरा. फॉलोऑन मिळाल्यावर त्यांनी ५२१ केल्या. ब्राउनने १७२, दहाव्या क्रमांकावरच्या लिव्हसीने नाबाद ११०, आणि सामना १५५ धावांनी जिंकला. अशा संघात पाहुण्यासारखं आलेल्या तिशीतल्या व्यावसायिकाला दार किलकिलं झालं हेच पुष्कळ.

११. तिसाव्या वर्षी पदार्पण जरा उशिराच नाही का?

त्या पिढीसाठी नाही. १९१४ च्या ऑगस्टमध्ये महायुद्ध पेटलं तेव्हा हायलंड वीस वर्षांचा होता. १९१५ ते १९१८ चॅम्पियनशिप झालीच नाही. १९१९ ला सुरू झाली तीही दोन दिवसांच्या सामन्यांचा फसलेला प्रयोग घेऊन. क्रिकेटपटूची विशी म्हणजे घडण्याची वर्षं, आणि त्या सगळ्या पिढीची नेमकी तीच वर्षं गेली. केंटचा डावखुरा फिरकीपटू कॉलिन ब्लाइथसारखे तर परतच आले नाहीत. त्यामुळे १९२० नंतरच्या काउंटी संघांत तिशीतले नवखे दिसले तर नवल वाटू नये.

१२. काही ठिकाणी त्याला ‘मायनर काउंटी क्रिकेटर’ म्हटलंय. ते बरोबर आहे का?

नाही, घोटाळा आहे. ‘किरकोळ काउंटी खेळाडू’ आणि ‘मायनर काउंटीचा खेळाडू’ या दोन वेगळ्या गोष्टी. इंग्लंडमध्ये १९२४ साली प्रथम श्रेणी दर्जाच्या १७ काउंट्या होत्या. (सतरावी ग्लॅमॉर्गन १९२१ मध्ये आली, अठरावी डरहॅम थेट १९९२ मध्ये.) बाकीच्या काउंट्यांची, उदाहरणार्थ स्टॅफर्डशायर, नॉरफोक, चेशायर, वेगळी स्पर्धा १८९५ पासून चालू आहे, तिला मायनर काउंटीज चॅम्पियनशिप म्हणत. तिथले सामने प्रथम श्रेणीत मोजत नाहीत, पण दर्जा हलका समजू नका. सिडनी बार्न्ससारखा सर्वकाळच्या थोर गोलंदाजांत गणला जाणारा माणूस वर्षानुवर्षं स्टॅफर्डशायरकडून खेळला.

हायलंड खेळला तो हॅम्पशायरकडून, म्हणजे प्रथम श्रेणी काउंटीकडून. उत्तरायुष्यात तो चेशायरला स्थायिक झाला आणि चेशायर मायनर काउंटी, त्यावरून ही गल्लत होत असावी.

१३. त्याची फलंदाजीची सरासरी किती धरायची? शून्य?

शून्य नाही. सरासरीच नाही. सरासरी काढताना धावांना बाद झालेल्या डावांनी भागतात. त्याचे डाव शून्य, बाद शून्य. भागाकार होतच नाही. म्हणून आकडेवारीच्या पानावर त्याची ओळ अशी दिसते: सामने १, डाव ०, नाबाद ०, धावा ०, आणि सरासरीच्या जागी आडवी रेघ. गोलंदाजीतही रेघ. शून्यावर बाद झालेला आणि फलंदाजीच न मिळालेला यांच्यात ही रेघ फरक करते. तो फरक मोठा आहे. शून्य हा निदान निकाल असतो. संगणकावर तक्ता बनवणाऱ्यांनी रेघेच्या जागी शून्य भरू नये, ही कळकळीची विनंती. अशाच घाईतून चुकीचे ‘विक्रम’ जन्माला येतात.

१४. मग जगातली सर्वांत छोटी कारकीर्द हायलंडचीच का?

तसा शिक्का मी मारणार नाही. एकच सामना खेळून फलंदाजी-गोलंदाजी न मिळालेले इतरही आहेत. पण त्यांच्या सामन्यात निदान खेळ तरी झाला. इथे दोन्ही टोकं जुळतात: एकच सामना, आणि त्या सामन्यातही दोनच षटकं. म्हणून असा विषय निघाला की त्याचंच नाव पुढे येतं.

तुलनेसाठी तिघं लक्षात ठेवण्यासारखे.

पहिला, सॉमरसेटचा जॅक मॅकब्रायन. तोच १९२४ चा उन्हाळा. दक्षिण आफ्रिकेविरुद्ध ओल्ड ट्रॅफर्डला तो आपली एकमेव कसोटी खेळला. पहिल्या दिवशी जेमतेम पावणेतीन तास खेळ झाला, आफ्रिका ४ बाद ११६, आणि मग पाऊस. मॅकब्रायनने फलंदाजी केली नाही, चेंडू टाकला नाही, कोणाला बाद करण्यात हातभार लावला नाही. पण त्याची ‘हायलंडगिरी’ फक्त कसोटीपुरती. प्रथम श्रेणीत त्याच्या दहा हजारांहून अधिक धावा आहेत आणि १९२० च्या अँटवर्प ऑलिंपिकमध्ये ब्रिटनच्या हॉकी संघातून त्याने सुवर्णपदकही पटकावलं.

दुसरा, एमिल मॅकमास्टर. १८८८-८९ च्या दौऱ्यात केपटाउनला इंग्लंडकडून खेळला, शून्यावर बाद झाला. तो त्याच्या आयुष्यातला एकमेव प्रथम श्रेणी सामना, आणि नंतर ठरलं की तो कसोटी होता! म्हणजे त्याची सगळी प्रथम श्रेणी कारकीर्द म्हणजे एक कसोटी आणि एक शून्य.

तिसरा, न्यू साउथ वेल्सचा नॉर्मन कॅलवे. फेब्रुवारी १९१५, सिडनी, क्वीन्सलँडविरुद्ध पहिलाच सामना, वय अठरा, धावा २०७. दुसरा सामना झाला नाही. मे १९१७ मध्ये फ्रान्समधल्या बुलकूरच्या लढाईत तो मारला गेला. सरासरी २०७. एका सामन्याच्या कारकिर्दींवर विनोद करावासा वाटला की मी हे नाव काढतो.

१५. बारावा खेळाडू म्हणून मैदानात उतरलेल्यांचा सामना मोजतात का?

नाही. राखीव खेळाडूने दिवसभर क्षेत्ररक्षण केलं, तीन झेल घेतले, तरी त्याच्या खात्यात सामना जमा होत नाही. गॅरी प्रॅट आठवा: २००५ च्या ॲशेसमध्ये ट्रेंट ब्रिजला बदली क्षेत्ररक्षक म्हणून आला आणि त्याने रिकी पाँटिंगला धावचीत केलं. पाँटिंग चिडून बडबडत तंबूत गेला ते दृश्य अनेकांनी पाहिलं असेल. प्रॅट कसोटी क्रिकेटपटू मात्र कधीच झाला नाही. म्हणजे पाहा, मालिकेचा रंग बदलणाऱ्या प्रॅटच्या नावावर शून्य कसोट्या, आणि दोन षटकं उभा राहिलेल्या हायलंडच्या नावावर एक प्रथम श्रेणी सामना. प्रश्न ३ चं उत्तर पटलं नसेल तर पुन्हा वाचा.

आता यात एक अपवाद आलाय. डोक्याला मार लागल्यावर येणारा बदली खेळाडू २०१९ पासून पूर्ण खेळाडू मानला जातो. तो फलंदाजी-गोलंदाजी करू शकतो आणि सामना त्याच्या खात्यात लागतो. पहिला मान मार्नस लाबुशेनचा, लॉर्ड्सवर, स्टीव्ह स्मिथच्या जागी.

१६. नाटककार सॅम्युएल बेकेटही असाच ‘एकसामनी’ होता ना?

दोन सामने. डब्लिन विद्यापीठाकडून, १९२५ आणि १९२६ मध्ये, आणि योगायोगाने दोन्ही नॉर्थम्प्टनशायरविरुद्धच. चार डावांत ३५ धावा, सर्वोच्च १८. बळी एकही नाही. साहित्याचं नोबेल मिळालेला एकमेव प्रथम श्रेणी क्रिकेटपटू म्हणून त्याचं नाव घेतात. काउंटी क्रिकेटशी त्याचा संबंध प्रतिस्पर्धी म्हणूनच, त्यामुळे तो या पानाच्या विषयात पुरता बसत नाही.

१७. एवढ्याशा खेळाडूचा मृत्युलेख ‘विस्डेन’मध्ये कसा आला?

विस्डेन हे इंग्लंडमधलं क्रिकेटचं वार्षिक १८६४ पासून निघतं आणि त्यातल्या मृत्युलेखांची ख्यातीच अशी, की तिथे लहानमोठं पाहत नाहीत. प्रथम श्रेणी सामना खेळलेला माणूस, मग एक का असेना, त्याची दखल घ्यायची. हायलंडची नोंद १९६५ च्या अंकात आली. मोजकी दोन-तीन वाक्यं: एकच सामना, दोन षटकं, बिनबाद एक धाव, आणि चेशायरमध्ये रोपवाटिकाकार म्हणून मिळवलेलं नाव. ना कुठे टिंगल, ना सहानुभूती. आपल्याकडच्या ‘क्रिकेटविश्वातील तारा निखळला’ थाटाच्या मजकुरापेक्षा मला ही कोरडी नोंद जास्त आदराची वाटते, आणि तिच्यामुळेच तो नंतरच्या लेखकांच्या नजरेला पडला.

१८. त्याला हॅम्पशायरची कॅप मिळाली होती का?

एक सामना खेळून काउंटी कॅप मिळत नाही. ती पदार्पणाची टोपी नव्हे. ठरावीक काळ चांगला खेळ केल्यावर क्लब ती बहाल करतो आणि पूर्वी तिच्यासोबत व्यावसायिकाचं मानधनही वाढायचं. आंतरराष्ट्रीय पदार्पणाला मिळणाऱ्या टोपीशी गल्लत करू नये.

१९. महाराष्ट्राशी याचा काही धागा आहे का?

हायलंडचा थेट नाही. हॅम्पशायरचा आहे.

मुंबईचं ब्रेबॉर्न स्टेडियम डिसेंबर १९३७ मध्ये सुरू झालं, ते क्रिकेट क्लब ऑफ इंडिया विरुद्ध लॉर्ड टेनिसन यांचा संघ या सामन्याने. हा टेनिसन म्हणजे प्रश्न १० मधला हॅम्पशायरचाच कर्णधार. त्या दौऱ्यातल्या पाच अनधिकृत कसोटींत भारताचं नेतृत्व विजय मर्चंट यांनी केलं, विनू मांकड तिथेच चमकले, आणि मालिका पाहुण्यांनी ३-२ अशी जिंकली.

अलीकडचा धागा अजिंक्य रहाणेचा. २०१९ मध्ये तो हॅम्पशायरकडून खेळला आणि आइल ऑफ वाइट बेटावर नॉटिंगहॅमशायरविरुद्ध पदार्पणातच त्याने ११९ धावा केल्या.

आणि आपल्याकडचा एका सामन्याचा मानकरी हवाच असेल, तर कोल्हापूरचे सदाशिव पाटील. १९५५ मध्ये न्यूझीलंडविरुद्ध ब्रेबॉर्नवरच कसोटी खेळले, दोन्ही डावांत बळी मिळवले, भारताने सामना डावाने जिंकला, आणि पाटलांना पुन्हा बोलावणं आलं नाही. तिथे पाऊसही नव्हता.

२०. आमचे आजोबा रणजीत एकच सामना खेळले असं घरात सांगतात. ते कसं तपासायचं?

हायलंडवरच्या पत्रांना बहुतेक वेळा हे शेपूट असतंच.

आधी स्पर्धा नक्की करा. रणजी करंडक १९३४-३५ पासून आहे. मुंबईची पंचरंगी स्पर्धाही प्रथम श्रेणीत मोजतात. रोहिंटन बारिया ही विद्यापीठांची स्पर्धा, आणि ऐन पावसाळ्यात खेळली जाणारी कांगा लीग यांचे सामने प्रथम श्रेणीत नाहीत. घरोघरी ‘रणजी’ म्हणून सांगितलेलं कैकदा ‘कांगा’ निघतं. नाराज होऊ नका. चिखलात उगवलेल्या गवतावर कांगा लीगमध्ये पन्नास धावा काढणं सोपं नव्हतं.

मग संघ पाहा. माणूस राहायला पुण्यात असला तरी खेळला असेल बडोद्याकडून किंवा होळकर संघाकडून. होळकर संघ १९५० च्या दशकाच्या मध्यानंतर त्या नावाने राहिला नाही, त्यामुळे आजच्या संघांच्या यादीत शोधून तो सापडणार नाही.

धावफलक क्रिकइन्फो आणि क्रिकेटअर्काइव्हवर मिळतात. शोधताना पूर्ण नाव टाकू नका, आडनाव आणि मोसम टाका. आद्याक्षरं काळजीने बघा: बी. बी. निंबाळकर आणि आर. बी. निंबाळकर हे सख्खे भाऊ, दोघंही प्रथम श्रेणी खेळले. ‘फलंदाजी केली नाही’ अशा ओळीत खाली दिलेली नावंही वाचा. घाईत पाहणाऱ्याच्या नजरेतून नेमकी तीच सुटतात. आणि संघाचा ग्रुप फोटो घरात असेल तर मागची बाजू पाहा, फोटोग्राफरचं नाव आणि गाव बहुधा तिथे छापलेलं असतं. त्यावरून निदान सामना कुठे झाला तेवढं तरी हाती लागतं.